गृहकर्ज थकले आणि बँकेची नोटीस आली: हरकत, अर्ज आणि स्थगिती कोणत्या क्रमाने

गृहकर्जाच्या वादात कर्जदार मागे पडतो त्याची कारणे बहुतेक वेळा ठरलेली असतात. बँकेची नोटीस पोस्टमनकडून घेतलेलीच नसते, हरकत शाखेत जाऊन तोंडी सांगितलेली असते, दिवाणी न्यायालयात मनाई हुकुमासाठी दावा लावून महिने घालवलेले असतात, आणि ज्या कर्ज वसुली न्यायाधिकरणापुढे खरोखर जायला हवे होते तिथली मुदत उलटून गेल्यावर वकिलाचा शोध सुरू होतो. आजारपण, नोकरी जाणे, धंद्यातली खोट ही कारणे खरी असली तरी न्यायाधिकरण ती ऐकून कारवाई रद्द करत नाही. बँकेने कायद्याने ठरवलेली कोणती पायरी चुकवली, कोणत्या तारखेला चुकवली आणि त्याचा कागद कुठे आहे, एवढेच तिथे पाहिले जाते. त्यामुळे पुढील टप्पे क्रमानेच घ्यावेत. मधला एखादा टप्पा वगळला तर त्याची किंमत पुढच्या टप्प्यावर मोजावी लागते.

## टप्पा 1: समोर नेमके कोण आहे ते ठरवा

तारण मालमत्तेवर न्यायालयात दावा न लावता थेट कारवाई करण्याचा अधिकार बँकांना 2002 च्या सरफेसी कायद्याने मिळाला आहे. राष्ट्रीयीकृत आणि खाजगी बँका, अधिसूचित गृहवित्त कंपन्या आणि सहकारी बँका हा कायदा वापरू शकतात. सहकारी बँकांबद्दल पूर्वी वाद होता, तो महाराष्ट्रातल्याच एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मे 2020 मध्ये संपवला. त्यामुळे ‘आमची बँक सहकारी आहे, तिला हा कायदा लागू नाही’ हा मुद्दा आता मांडू नये.

पतसंस्थेचे कर्ज असेल तर मार्ग पूर्णपणे वेगळा आहे. पतसंस्था ही बँक नव्हे. ती महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 101 खाली निबंधकांकडून वसुली दाखला मिळवते आणि तिचा वसुली अधिकारी जप्ती करतो. त्या दाखल्याविरुद्ध कलम 154 खाली पुनरीक्षण अर्ज करता येतो, मात्र त्यासाठी वसुलीयोग्य रकमेच्या निम्मी रक्कम भरावी लागते. पुढील टप्पे पतसंस्थेच्या कर्जाला लागू नाहीत.

तपासा: नोटिशीच्या शीर्षावर बँकेऐवजी एखाद्या मालमत्ता पुनर्रचना कंपनीचे नाव आहे का? तसे असेल तर कर्ज विकले गेले आहे. कर्ज हस्तांतरित झाल्याच्या कराराची तारीख लेखी मागून घ्या, आणि पुढचा प्रत्येक अर्ज त्या कंपनीच्या नावे करा.

## टप्पा 2: कागद एकत्र करा

वकिलाकडे जाण्यापूर्वीच पुढील कागद हातात असावेत: मंजुरीपत्र, कर्ज करार व त्यातील व्याजदराचे परिशिष्ट, पहिल्या वितरणापासून आजपर्यंतचा पूर्ण खातेउतारा, व्याजदर बदलल्याची पत्रे किंवा ईमेल, बँकेने खात्यात नावे टाकलेल्या विम्याची पॉलिसी, ज्या खात्यातून हप्ता जात होता त्याचे पासबुक, आणि आलेली प्रत्येक नोटीस तिच्या पाकिटासह. पाकीट फेकू नये. त्यावरचा टपालाचा शिक्का हाच नोटीस कधी मिळाली याचा पुरावा ठरतो.

खातेउतारा ॲपमधून घेतलेला पुरत नाही. त्यात बहुधा शेवटच्या काही महिन्यांचेच व्यवहार असतात. शाखेकडे लेखी अर्ज करून संपूर्ण कालावधीचा, शिक्का व सही असलेला उतारा मागावा आणि अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यावी. शाखा पोच देत नसेल तर तोच अर्ज स्पीड पोस्टने आणि बँकेच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याच्या ईमेलवर पाठवावा.

त्याच वेळी पत्ता बदलला असेल तर तो बँकेला लेखी कळवावा. तारण फ्लॅट बंद, कुटुंब दुसऱ्या गावी, आणि नोटीस फ्लॅटच्या दारावर चिकटवलेली, ही परिस्थिती फार वेळा दिसते. नियमांनुसार नोटीस पोस्टाने, कुरिअरने, हस्ते किंवा ईमेलने देता येते. कर्जदार ती टाळत असेल तर मालमत्तेच्या बाहेरच्या दारावर चिकटवून आणि दोन वर्तमानपत्रांत प्रसिद्ध करूनही ती बजावली गेली असे धरले जाते.

सावधान: नोटीस नाकारल्याने मुदत थांबत नाही. फक्त तिच्यातला मजकूर तुम्हाला कळत नाही, एवढाच फरक पडतो.

## टप्पा 3: खातेउतारा ओळीओळीने तपासा

हा टप्पा कंटाळवाणा आहे आणि बहुतेक जण तो वकिलावर सोपवून मोकळे होतात. वकील तुमचा दहा वर्षांचा उतारा ओळीओळीने वाचणार नाही. ते काम घरातच करावे लागते.

प्रथम व्याज. समजा एखाद्या महिन्याच्या आरंभी शिल्लक 28,40,000 रुपये आणि दर साडेआठ टक्के आहे. वर्षाचे व्याज 12 ने भागले तर त्या महिन्याचे व्याज 20,117 रुपये येते. बँक दिवसांवर आकारणी करत असेल तर 31 दिवसांच्या महिन्यात तेच 20,502 रुपये होते. म्हणजे तीन-चारशे रुपयांचा फरक दिसला की लगेच ‘बँकेने जादा व्याज लावले’ असे लिहू नये. आधी करारात आकारणीची पद्धत कोणती दिली आहे ते पाहावे. दर बदललेला असताना त्याचे पत्र नसणे, भरलेला हप्ता जमा न दिसणे, किंवा एकच शुल्क दोनदा नावे पडणे या चुका मात्र खऱ्या वजनाच्या असतात.

दुसरे म्हणजे दंड. हप्ता चुकल्याबद्दल दंडव्याज लावून ते मुद्दलात मिळवण्याची पद्धत रिझर्व्ह बँकेने 18 ऑगस्ट 2023 च्या परिपत्रकाने बंद केली. त्याऐवजी दंडशुल्क आकारता येते, पण त्या शुल्कावर पुन्हा व्याज लावता येत नाही. जुन्या कर्जांना हा बदल 30 जून 2024 पर्यंत लागू करायचा होता. त्यानंतरच्या उताऱ्यात दंडाची रक्कम शिल्लकीत मिळून तिच्यावर व्याज चढलेले दिसले, तर ती ओळ अधोरेखित करून ठेवा.

तिसरे म्हणजे दर कशाशी जोडला आहे. 1 ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपो दरासारख्या बाह्य दराशी जोडणे बंधनकारक झाले. गृहवित्त कंपन्यांना ही सक्ती नाही. गृहवित्त कंपनीचे कर्ज घेऊन ‘रेपो उतरला, माझा दर का उतरला नाही’ हा मुद्दा न्यायाधिकरणापुढे नेल्यास तो टिकत नाही.

### एनपीएची तारीख: सगळा वाद जिथून सुरू होतो

खाते अनुत्पादक, म्हणजे एनपीए, झाल्याशिवाय सरफेसी कायद्याखाली कारवाई सुरू होत नाही. हप्ता सतत 90 दिवसांहून अधिक थकला की खाते एनपीए होते. रिझर्व्ह बँकेने आपल्या परिपत्रकात उदाहरणच दिले आहे: 31 मार्चला देय असलेली रक्कम भरली नाही आणि थकीतच राहिली, तर 29 जूनच्या दिवसअखेरीस खाते एनपीए होते. नोटिशीतली एनपीएची तारीख घ्या, उताऱ्यातला सर्वांत जुना न भरलेला हप्ता शोधा आणि स्वतः दिवस मोजा. तारीख आधीची निघाली तर तो हरकतीचा पहिला मुद्दा.

इथेच सर्वांत महाग चूक होते. खाते एनपीए होण्याआधी एक हप्ता भरला तर तो सर्वांत जुन्या थकबाकीत जमा होतो आणि 90 दिवसांची मोजणी पुढे सरकते. एनपीए झाल्यानंतर मात्र एखादा हप्ता भरून खाते पुन्हा नियमित होत नाही. 12 नोव्हेंबर 2021 च्या स्पष्टीकरणानुसार मुद्दल आणि व्याज यांची संपूर्ण थकबाकी भरावी लागते. ‘मी दर महिन्याला काहीतरी भरतोय, मग बँक कारवाई कशी करते?’ या प्रश्नाचे उत्तर तिथे आहे. म्हणून हाताशी थोडेच पैसे असतील तर ते 90 दिवसांच्या आत भरण्याला अर्थ आहे. नंतर तेच पैसे कुठे वापरायचे हे टप्पा 5 आणि 7 पाहून ठरवावे.

तपासा: एकूण थकीत रक्कम मुद्दल व व्याजाच्या 20 टक्क्यांहून कमी उरली आहे का? तसे असेल तर कलम 31 नुसार हा कायदा लागूच होत नाही. कर्ज संपत आलेल्यांनी हा हिशेब आधी करावा.

## टप्पा 4: मागणी नोटिशीला 60 दिवसांत लेखी हरकत

कलम 13(2) ची नोटीस ही या प्रकरणाची पहिली औपचारिक पायरी. तिच्यात एकूण येणे आणि तारण मालमत्तेचा तपशील असावाच लागतो, आणि रक्कम भरण्यासाठी 60 दिवस दिलेले असतात. ही नोटीस मिळाल्यावर मालमत्ता विकणे, भाड्याने देणे किंवा बक्षीस देणे कलम 13(13) नुसार बँकेच्या लेखी संमतीशिवाय चालत नाही. भावाच्या नावे फ्लॅट करून टाकण्याचा सल्ला देणारे सोसायटीत हमखास भेटतात. त्यांचे ऐकू नये.

या 60 दिवसांत कलम 13(3अ) खाली लेखी हरकत पाठवण्याचा हक्क आहे, आणि बँकेने ती मिळाल्यापासून 15 दिवसांत कारणांसह उत्तर देणे बंधनकारक आहे. माझ्या मते संपूर्ण लढाईत कर्जदाराच्या हातात असलेले हे सर्वांत उपयोगी आणि सर्वांत कमी वापरले जाणारे साधन आहे. हरकत पाठवली नाही तर पुढे न्यायाधिकरणात पहिला प्रश्न येतो: हे सगळे तेव्हाच का सांगितले नाही?

हरकत लिहिताना पुढील क्रम ठेवावा.

1. कर्ज खाते क्रमांक, नोटिशीची तारीख आणि ती मिळाल्याची तारीख.
2. एनपीएच्या तारखेवरची हरकत, तुम्ही मोजलेल्या दिवसांसह.
3. रकमेवरची हरकत. उताऱ्यातील तारीख, रक्कम आणि चूक काय हे प्रत्येक ओळीसाठी वेगळे लिहावे. ‘व्याज जास्त लावले आहे’ हे वाक्य एकटे काहीच सिद्ध करत नाही.
4. मालमत्तेचे वर्णन चुकले असल्यास तो मुद्दा: फ्लॅट क्रमांक, विंग, गट क्रमांक, क्षेत्रफळ.
5. नोटिशीवर सही करणारा अधिकारी राष्ट्रीयीकृत बँकेतील मुख्य व्यवस्थापक किंवा समकक्ष दर्जाचा आहे का, याची विचारणा.
6. तारणाची नोंद सरसाई या केंद्रीय नोंदवहीत केल्याचा पुरावा देण्याची मागणी. कलम 26ड नुसार ती नोंद असल्याखेरीज बँकेला या कायद्याखालचे अधिकार वापरता येत नाहीत. सरसाईच्या संकेतस्थळावर शुल्क भरून तुम्हालाही शोध घेता येतो.

हप्ते कमी करून मागायचे असतील किंवा मुदत वाढवून हवी असेल, तर ती विनंती वेगळ्या पत्रात, ‘हक्क राखून’ असे स्पष्ट लिहून करावी. एकाच पत्रात वरती ‘रक्कम चुकीची आहे’ आणि खाली ‘पूर्ण रक्कम फेडण्यास मी बांधील आहे’ असे लिहिलेली हरकतपत्रे बँकेचे वकील पुढे आनंदाने जोडतात.

सावधान: बँकेने हरकत फेटाळली की लगेच न्यायाधिकरणात जाता येत नाही. कायद्यातच तसे म्हटले आहे. दार उघडते ते प्रत्यक्ष कारवाई झाल्यावर.

## टप्पा 5: तडजोड समांतर चालवा, पण तिच्या भरवशावर मुदत घालवू नका

एकरकमी तडजोड, म्हणजे ओटीएस, हा कर्जदाराचा हक्क नाही. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2021 मध्ये एका सहकारी बँकेच्या प्रकरणात हे स्पष्ट केले. ‘साहेबांनी शब्द दिला होता’ या विधानाला किंमत नाही. मंजुरी लेखी हवी आणि तिच्यात अंतिम रक्कम, हप्त्यांच्या तारखा आणि कारवाई थांबवण्याची अट हवी.

पुढच्या तारखांचे धनादेश देताना जपावे. तो वटला नाही तर परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम 138 खाली, आणि खात्यातून हप्ता वळता करण्याचा आदेश परत गेला तर 2007 च्या पेमेंट अँड सेटलमेंट कायद्याच्या कलम 25 खाली स्वतंत्र फौजदारी खटला उभा राहतो. त्यातली नोटीस मिळाल्यापासून 15 दिवसांत रक्कम भरली तर खटला टळतो. ही मुदत सरफेसीच्या मुदतींपासून वेगळी आहे.

लोकअदालतीचे बोलावणे आले तर जरूर जावे, पण झेपणार नाही अशा रकमेवर सही करू नये. लोकअदालतीचा निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही.

या काळात वसुली प्रतिनिधी सकाळी 8 च्या आधी किंवा संध्याकाळी 7 नंतर फोन करत असतील, नातेवाईक किंवा शेजाऱ्यांना सांगत असतील, तर बँकेकडे लेखी तक्रार करावी. 30 दिवसांत उत्तर न आल्यास किंवा ते समाधानकारक नसल्यास रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे विनाशुल्क तक्रार करता येते. व्याजाची आकारणी, न मागता गळ्यात मारलेला विमा, कागद परत न देणे या तक्रारी तिथे किंवा ग्राहक आयोगात योग्य. पण लोकपालाकडे तक्रार प्रलंबित आहे म्हणून ताबा थांबत नाही. दोन्ही वाटा वेगळ्या ठेवाव्यात.

## टप्पा 6: ताब्याची नोटीस आल्यापासून 45 दिवस

60 दिवस संपले की बँक कलम 13(4) खाली ताबा घेते. पहिला ताबा बहुधा प्रतीकात्मक असतो: दारावर नोटीस लागते आणि सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत जाहिरात येते, त्यातले एक स्थानिक भाषेतले. घरात तुम्हीच राहत असता, म्हणून अनेकांना वाटते की काहीच घडले नाही. न्यायाधिकरणाच्या दृष्टीने कारवाई झालेली असते आणि तिच्याविरुद्ध तिथे अर्ज करण्याची कलम 17 ची 45 दिवसांची मुदत सुरू झालेली असते. ताबा नोटीस 10 जूनची असेल तर शेवटचा दिवस 25 जुलै. प्रत्यक्ष ताब्याची वाट पाहत बसण्याची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्येच सांगितले आहे. आणि वाट पाहणे परवडणारेही नाही.

### कुठे जायचे

कर्ज वसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत. महाराष्ट्रात मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे ही न्यायाधिकरणे आहेत. मालमत्ता जिथे आहे, कर्ज खाते ज्या शाखेत आहे किंवा वादाचे कारण जिथे घडले, त्या भागाच्या न्यायाधिकरणात अर्ज करता येतो. रक्कम 20 लाखांहून कमी आहे म्हणून डीआरटीत जाता येत नाही हा गैरसमज आहे. ती मर्यादा बँकेच्या मूळ वसुली अर्जासाठी आहे, कलम 17 च्या अर्जासाठी नाही.

चुकीची दारे तीन. दिवाणी न्यायालयाला कलम 34 ने मनाई आहे, आणि फसवणुकीच्या अपवादाला फार अरुंद जागा आहे. उच्च न्यायालय रिट याचिकेत ‘आधी डीआरटीत जा’ असेच सांगते. 2010 पासून सर्वोच्च न्यायालयाने हे वारंवार बजावले आहे. न्यायाधिकरणात पीठासीन अधिकारीच नेमलेला नसणे यांसारख्या परिस्थितीत उच्च न्यायालयाचे दार उघडू शकते, तेही मर्यादित दिलाशासाठी. तिसरे चुकीचे दार जिल्हाधिकाऱ्यांचे. त्याविषयी टप्पा 8 मध्ये.

### अर्जात काय असावे

कलम 17 च्या अर्जाला तिथे ‘एसए’ म्हणतात. तारखांची यादी, प्रत्येक कारवाईचा तपशील, कायद्यातील कोणती तरतूद मोडली, मागणी, आणि क्रमांक दिलेली जोडपत्रे असा त्याचा साचा असतो. सहकर्जदार आणि जामीनदार यांनाही नोटीस मिळाली असेल तर त्यांना अर्जात सामील करावे. पत्नीच्या नावाची नोटीस वेगळी आली आणि तिने काहीच केले नाही, असे ठेवू नये.

शुल्क मागणीच्या रकमेवर ठरते. 10 लाखांपेक्षा कमी येणे असल्यास दर लाखाला 500 रुपये. 10 लाख व त्यावर असल्यास 5,000 रुपये अधिक पुढच्या प्रत्येक लाखाला 250 रुपये, कमाल 1 लाख. म्हणजे 32 लाखांच्या मागणीवर 10,500 रुपये. या टप्प्यावर थकबाकीतली कोणतीही रक्कम आधी भरावी लागत नाही. पूर्वीची 75 टक्के भरण्याची अट सर्वोच्च न्यायालयाने 2004 साली मार्डिया केमिकल्स प्रकरणात रद्द केली.

तपासा, दाखल करण्याच्या आदल्या दिवशी: टप्पा 4 ची हरकत आणि तिची पोच जोडली आहे का? नोटिशीचे पाकीट? वर्तमानपत्रातली जाहिरात, तारखेसह पूर्ण पान? 45 दिवसांची मोजणी अर्जात लिहिली आहे का? मुदत उलटली असेल तर उशीर माफीचा वेगळा अर्ज, प्रत्येक आठवड्याच्या कारणासह, जोडला आहे का? उशीर माफ होईलच असे धरून चालू नये.

## टप्पा 7: स्थगितीची सुनावणी

अर्ज दाखल झाला म्हणजे कारवाई थांबली असे होत नाही. स्थगितीचा अंतरिम अर्ज सोबतच द्यावा लागतो आणि तातडीने सुनावणी मागावी लागते. बँकेने कॅव्हेट, म्हणजे आपले ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा आगाऊ अर्ज, दाखल केले आहे का हे कार्यालयात पाहावे. असल्यास अर्जाची प्रत बँकेला आधी द्यावी लागते, नाहीतर तारीख पुढे जाते. लिलाव परवावर आलेला असताना ती परवडत नाही.

मुद्दा बळकट असला तरी न्यायाधिकरण स्थगिती देताना काही रक्कम भरण्याची अट घालते, असा अनुभव सर्वसाधारण आहे. म्हणून जे काही पैसे जमवता येतील ते या दिवसासाठी राखून ठेवावेत आणि वकिलाला आकडा आधी सांगून ठेवावा. ‘किती भरू शकता?’ या प्रश्नावर वकिलाने मागे वळून कर्जदाराकडे पाहावे आणि कर्जदाराने खांदे उडवावेत, इथे स्थगिती जाते. आकडा सांगितला की तो पाळावा लागतो. अट चुकली की स्थगिती आपोआप उठते, आणि दुसऱ्यांदा मागितलेली स्थगिती क्वचितच मिळते.

कायद्यात अर्ज 60 दिवसांत, फार तर चार महिन्यांत निकाली काढावा असे आहे. प्रत्यक्षात तारखा लांबतात. चार महिने उलटल्यावर लवकर निकाल व्हावा यासाठी अपिलीय न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो.

## टप्पा 8: प्रत्यक्ष ताबा आणि कलम 14

प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक कलम 14 खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाते. आदेश झाला की अंमलबजावणी बहुधा तहसीलदार किंवा न्यायालयाने नेमलेला आयुक्त पोलीस बंदोबस्तात करतो. अनेक कर्जदार या टप्प्यावर जिल्हाधिकारी कार्यालयात हरकतीचे अर्ज देत बसतात. जिल्हाधिकाऱ्यांना वादाचा निवाडा करण्याचा अधिकार नाही, त्यांनी फक्त बँकेची शपथपत्रे व कागद पुरे आहेत का हे पाहायचे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात ठरवले. त्यांना आदेशासाठी 30 दिवसांची, कारणे नोंदवून 60 दिवसांपर्यंतची मुदत आहे. ती उलटली म्हणून आदेश रद्द होत नाही.

ताब्याच्या दिवशी विरोध करू नये. पंचनामा वाचूनच सही करावी, घरातल्या सामानाची यादी वस्तूवार करून घ्यावी आणि फोटो काढावेत. औषधे, शाळेचे दाखले, आधार, दागिने आदल्या रात्रीच बाहेर काढून ठेवावेत. सामान आत राहिले तर ते परत मिळवण्यासाठी कारवाई करणाऱ्या बँकेच्या प्राधिकृत अधिकाऱ्याला त्याच आठवड्यात लेखी पत्र द्यावे.

भाडेकरू असेल तर त्याचा हक्क नोंदणीकृत करारावर आणि करार तारणाआधीचा की नंतरचा यावर ठरतो. नोटिशीनंतर केलेला भाडेकरार दाखवणे म्हणजे स्वतःच्या अर्जावर संशय ओढवून घेणे.

## टप्पा 9: लिलाव

लिलावाआधी तीन गोष्टी पाहाव्यात. बँकेने मान्यताप्राप्त मूल्यांककाकडून मूल्यांकन करून राखीव किंमत ठरवली आहे का? विक्रीची नोटीस तुम्हाला आणि वर्तमानपत्रांत रीतसर दिली का? पहिल्या लिलावासाठी 30 दिवसांचे अंतर ठेवले का? पहिला लिलाव फसला तर पुढच्यासाठी हे अंतर 15 दिवसांवर येते. राखीव किंमत फार कमी वाटत असेल तर आपल्या मूल्यांककाचा अहवाल आणि त्याच इमारतीतल्या अलीकडच्या विक्रीची सूची-2 (नोंदणी कार्यालयातला विक्रीचा उतारा) जोडून अर्ज करावा. ‘बाजारभाव जास्त आहे’ एवढे म्हणून भागत नाही.

सावधान: संपूर्ण येणे भरून घर सोडवण्याचा हक्क 2016 च्या दुरुस्तीनंतर विक्रीची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच आहे. पूर्वीप्रमाणे लिलावाच्या शेवटच्या क्षणापर्यंत तो टिकत नाही. हे सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर 2023 मध्ये मुंबईच्या एका प्रकरणात ठामपणे सांगितले. गावची जमीन विकून किंवा नातेवाइकांकडून पैसे उभे करायचे असतील तर ते या तारखेच्या आधी बँकेत पोचले पाहिजेत.

विक्रीची नोटीस ही स्वतंत्र कारवाई आहे. ताब्याच्या वेळची मुदत हुकली असली तरी विक्रीतल्या त्रुटींवर नवा अर्ज करण्यास वाव असतो. मात्र त्यात जुने, हुकलेले मुद्दे पुन्हा घुसवू नयेत.

## टप्पा 10: निकालानंतर

डीआरटीच्या आदेशाविरुद्ध 30 दिवसांत मुंबईच्या अपिलीय न्यायाधिकरणात अपील करता येते. इथे मात्र येणे रकमेच्या 50 टक्के आधी भरावे लागतात. न्यायाधिकरण कारणे नोंदवून ते 25 टक्क्यांपर्यंत कमी करू शकते, त्याखाली नाही. अपिलाचा विचार करणाऱ्याने प्रथम हा आकडा काढावा.

घर विकले गेले आणि येणे व खर्च वजा जाता रक्कम उरली, तर ती कर्जदाराची असते. बँकेकडे खर्चाचा तपशीलवार हिशेब लेखी मागावा. रक्कम कमी पडली तर उरलेल्या येण्यासाठी बँक कर्जदार आणि जामीनदार दोघांवरही पुढे जाऊ शकते, म्हणून जामीनदाराला अंधारात ठेवू नये.

तडजोड होऊन कर्ज फिटले असेल तर थकबाकी नसल्याचा दाखला घेऊन थांबू नये. पूर्ण फेड झाल्यापासून 30 दिवसांत मूळ कागद परत करणे आणि बोजा उतरवणे रिझर्व्ह बँकेने 1 डिसेंबर 2023 पासून बंधनकारक केले आहे. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. कागद ताब्यात घेताना कर्जाच्या वेळी दिलेल्या यादीशी एकेक पान जुळवावे, सरसाईतली नोंद बंद झाली का पाहावे, दुय्यम निबंधकाकडे दिलेली तारणाची सूचना रद्द करून घ्यावी, गृहनिर्माण संस्थेच्या दफ्तरातला बँकेचा बोजा कमी करण्यासाठी सचिवांना बँकेचे पत्र द्यावे, आणि स्वतंत्र घर असेल तर मिळकत पत्रिकेवरची किंवा सातबाऱ्याच्या इतर हक्कातली नोंद कमी झाल्याचा नवा उतारा काढून घ्यावा.